सोळा वर्षांनी आलेला ध्वनी

आत्ता आपण ‘मेशेस ऑफ दि आफ्टरनून’ हा सुमारे १४ मिनिटांचा चित्रपट लागोपाठ दोनदा पाहिला; आधी पूर्ण मूक, मग संगीतासह. हा क्रम मी मुद्दाम ठेवला. दिग्दर्शिका माया डेरेन आणि त्यांचे तेव्हाचे पती अलेक्झांडर हॅमिड यांनी १९४३ साली लॉस एंजेलिसमध्ये १६ मिमी फिल्मवर तो तयार केला, तेव्हा त्याला ध्वनिपट्टीच नव्हती. तैजी इतो यांचे संगीत त्याला जोडले गेले ते १९५९ मध्ये. चित्रीकरण झाले तेव्हा हा संगीतकार आठ वर्षांचा होता!

इतो टोकियोत जन्मले आणि लहानपणीच अमेरिकेत आले. पुढे ते डेरेन यांच्याबरोबर हैतीला गेले, तिथल्या ढोलवादनाशी त्यांचा जवळून परिचय झाला आणि नंतर इतो व डेरेन यांनी विवाहही केला. म्हणजे हे संगीत एखाद्या निर्मात्याने मागवलेले काम नव्हते. दिग्दर्शिकेची नजर रोज जवळून पाहणाऱ्या माणसाने ते रचले होते.

त्या काळच्या हॉलिवूडपटांत व्हायोलिनांचा ताफा प्रेक्षकाला कधी घाबरायचे आणि कधी हळवे व्हायचे हे सांगत असे. इतो असे काहीच सांगत नाहीत. ढोलाचा एखादा आघात, बासरीचा तुटक स्वर, छेडलेली तार, आणि या सर्वांच्या मध्ये बरीच मोकळी जागा, एवढ्यावरच त्यांची रचना उभी आहे. जपानी ‘नो’ नाट्यातल्या वादनाची आठवण व्हावी असा हा संयम आहे. हातात सुरी घेतलेली स्त्री उठते आणि तिचे प्रत्येक पाऊल वेगळ्या भूमीवर, वाळूवर, गवतावर, फरसबंदीवर आणि शेवटी घरातल्या गालिच्यावर पडते, तो प्रसंग आठवा. कॅमेऱ्याने तुकड्यातुकड्यांत घेतलेली ती चाल आपल्याला अखंड भासते, कारण तिची लय संकलनातच पक्की झालेली आहे. अशा ठिकाणी संगीताने फार बोलू नये हे इतोंना नेमके कळले होते.

तरीही माझी एक तक्रार आहे. या चित्रपटात तीच स्त्री त्याच वाटेने पुन्हा पुन्हा येते, तीच किल्ली, तोच जिना, आरशाचा चेहरा असलेली तीच काळी आकृती. मूक आवृत्तीत ही आवर्तने काळाबाहेर गेल्यासारखी वाटतात आणि म्हणूनच गुदमरवतात. संगीत, कितीही विरळ असले तरी, स्वभावतःच पुढे सरकते. त्यामुळे शेवटाची चाहूल लागते आणि त्या कोंडीतून थोडी सुटका मिळते. डेरेन यांनी हे जाणूनच संगीत स्वीकारले असावे, कारण १९६१ मध्ये त्यांचे निधन होण्यापूर्वीच ते चित्रपटाचा भाग झाले होते. आज बहुतेकांच्या पाहण्यात येते ती हीच आवृत्ती, आणि पुष्कळांना हे संगीत मूळचेच वाटते. इतोंच्या कौशल्याला याहून मोठी दाद मला सुचत नाही, पण अभ्यासकाने मात्र दोन्ही आवृत्त्या स्वतंत्र कलाकृती म्हणूनच पाहाव्यात असे माझे मत आहे.