चार काचांवरचा कॅमेरा

नमस्कार मंडळी, कसे आहात? आज ज्यांच्याबद्दल बोलणारे त्यांचं नाव तादाहितो मोचिनागा, जन्म 1919 चा, टोकियोतला. ॲनिमेशन म्हटलं की आपल्याला चित्रं काढणारेच आठवतात, पण हे गृहस्थ कॅमेरावाले, म्हणजे दुसऱ्यांनी काढलेली चित्रं कॅमेऱ्याखाली ठेवायची आणि एकेक फ्रेम टिपत बसायचं, सेकंदाला 24.

आता चित्र पडलं सपाट. एसटीच्या खिडकीतून बघा, जवळची झाडं झपाझप मागे पळतात आणि लांबचा डोंगर हलायचं नाव घेत नाही, ते कागदावर आणणार कुठून? तर मोचिनागांनी चार थरांचं मल्टिप्लेन स्टँड बनवलं, काचांवर वेगवेगळी चित्रं, मधे अंतर, आणि वरून कॅमेरा. 1941 च्या 'आरी-चान' या मुंगीच्या फिल्मसाठी ते वापरलं.

मग युद्ध. 1943 ला नौदलाच्या प्रचारपटाचा कॅमेरा यांच्याकडे (पर्ल हार्बरचा हल्ला, तोही लहान मुलांसाठी! असो), आणि 1944 ला फुकु-चान या कॉमिकमधल्या पोराच्या पाणबुडीच्या फिल्मचे हे डायरेक्टर. पुढच्याच वर्षी मांचुरियात (चीनचा ईशान्य भाग, तेव्हा जपानच्या ताब्यातला) गेले, जपान हरलं, तिथला फिल्म स्टुडिओ चिन्यांच्या हातात गेला, आणि हे तिथेच राहिले, फांग मिंग असं चिनी नाव घेऊन. तिथे 1947 ला बाहुल्यांच्या फिल्मवर काम केलं. मला तर वाटतं कॅमेरावाल्याला बाहुली लगेच आवडली असणार, कारण ती टेबलावर उभी केली की पुढचं-मागचं आपोआप आलं, काचांचा खटाटोपच नको, दिवा लावला की खरी सावली पडते. फक्त हात तसूभर हलवा, एक फ्रेम घ्या, परत तसूभर हलवा. धीर पाहिजे बाबा!

1953 ला जपानला परत, आणि मग बाहुल्यांचा स्वतःचा स्टुडिओ. तिथे केलेल्या बिअरच्या जाहिरातपटावर किहाचिरो कावामोतो होते, पुढे तेही मोठे बाहुलीपटकार झाले. नंतर न्यूयॉर्कच्या रँकिन-बास या कंपनीनी काम दिलं आणि 1964 चा लाल नाकाच्या रुडॉल्फ रेनडिअरचा बाहुलीपट टोकियोत तयार झाला, अमेरिकेत नाताळला अजून दाखवतात तो, टायटल्समधे यांचं नाव येतं टॅड मोचिनागा. डिसेंबरात कुठे दिसला तर नाकाकडे बघू नका, मागचा बर्फ बघा किती लांबपर्यंत गेलाय.