मंडईतली बाई

आरसा मोटारसायकलचा आहे. स्क्रू काढून आंब्याच्या खोडाला सुतळीनं बांधलाय, त्यामुळे एका वेळी एकच गाल दिसतो. बोटभर सफेदा कपाळावरून खाली उतरतो. मग हनुवटी, मग मान. मिशी पाडव्यालाच उतरवली.

(सफेदा, काजळ, टिकली. निवेदन थांबवा.)

लाखांदूर तालुक्यातलं हे गाव. हलकं धान कापून झालंय, भारी अजून बांदीत उभं आहे. हे खडी गंमतीतले नाच्या, बाईच्या वेशात नाचणारे. काल सकाळी याच हातात विळा होता. भाऊबीज झाली की भंडारा-गोंदियात गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा, भरते. लेकी माहेरी येतात, घरोघरी पाहुणे उतरतात. रात्री नाटक असतं, पण दुपारी चौक खडी गंमतीचा, इथल्या लोकनाट्याचा.

आता लुगडं. जुन्या धोतराची घडी कमरेला बांधली जाते, तिच्यावर नऊवारी चढते. निऱ्या मोजत नाहीत, बोटांनाच त्या पाठ आहेत. पदर खोचल्यावर ते पिशवीतून चाळ काढतात, कपाळाला लावतात आणि मगच पायात बांधतात. मधेच आम्ही 'भाऊ' अशी हाक मारली. उत्तर आलं, "आता भाऊ म्हनू नोका. आता मी बाई आहो."

(ढोलकीची थाप. चौक, वरून.)

खडी म्हणजे उभी. मंच नाही, पडदा नाही. चारही बाजूंनी माणसं आणि मधे कलावंत, उभ्यानंच. गण होतो, गौळण होते. शाहीर ओळ टाकतो, झीलकरी ती उचलतात. आज दुय्यम आहे, म्हणजे समोर दुसरा शाहीर. एक कलगीचा, शक्तीला थोर मानणारा. दुसरा तुऱ्याचा, शिवाची बाजू घेणारा. सवाल घातला की जबाब तिथल्या तिथे, गाण्यातच. जबाब सापडेपर्यंत वेळ मारून नेतो तो नाच्या. हे काम सोपं वाटत असेल, तर हे पाय बघा.

(पाय. पूर्ण गिरकी ठेवा.)

या खेळाला तमाशाचा गावठी भाऊ म्हणणारे पुष्कळ भेटतात. तमाशाच्या फडावर पवळाबाई हिवरगावकर या स्त्री कलावंत उभ्या राहिल्या आणि पुढे नाच्या पोऱ्या मागे सरत गेला. झाडीपट्टीत, म्हणजे इथे पूर्व विदर्भात, तो टिकला. मागे पडलेली गोष्ट म्हणायची की जपलेली, हे मुंबईत बसून ठरवू नये.

यांच्या नाचण्याचा सासुरवाडीला मात्र बारा वर्षं पत्ता नव्हता. एका मंडईत सासरे पुढच्याच रांगेत बसले होते. लावणीवर खूश होऊन त्यांनी दहाची नोट दिली. जावयानं लाजून घेतली. ती नोट परत केली का, असं विचारल्यावर ते हे असं हसतात.

(हसू. कट करू नका.)

ज्येष्ठ कलावंतांना सरकार महिन्याला ५,००० रुपये मानधन देतं. अर्जासोबत कार्यक्रमांचे पुरावे लागतात. यांच्याकडे एकच पत्रिका आहे, तिच्यावर नाव शाहिराचं.

ऊन उतरलं. रात्रीची गंमत दुसऱ्या गावात आहे, तोंड धुवायला सवड नाही. आरसा झाडावरून सुटून पुन्हा गाडीला लागतो. डफ पुढे टाकीवर, तुणतुणं मागच्याच्या काखेत. लुगडं सावरून ते एका अंगावर बसतात आणि गाडी सुरू व्हायच्या आधी, चालवणाऱ्याच्या खांद्यावरून वाकून, त्याच आरशात टिकली सरळ करतात.

(गाडी धुऱ्यावरून दूर जाते. चाळांचा आवाज शेवटपर्यंत.)