एकच जागा : गोलरक्षक गागा स्लोनिना

[दृश्य : सोल्जर फील्ड, शिकागो. गोलपोस्टच्या मागून दिसणारं मैदान.]

४ ऑगस्ट २०२१. फुटबॉलचा सामना, शिकागो फायर विरुद्ध न्यूयॉर्क सिटी एफसी. शिकागोच्या गोलमध्ये उभा असलेला मुलगा १७ वर्षं आणि ८१ दिवसांचा आहे. गॅब्रिएल स्लोनिना, सगळे त्याला गागा म्हणतात. मेजर लीग सॉकरमध्ये, म्हणजे अमेरिकेतल्या सर्वांत वरच्या फुटबॉल लीगमध्ये, एवढ्या लहान वयाच्या गोलरक्षकाने पहिल्या अकरांत उतरून सामना सुरू केल्याची नोंद आधी नव्हती.

सामना शून्य-शून्य सुटला. पहिल्याच सामन्यात क्लीन शीट, म्हणजे एकही गोल न खाता.

[दृश्य : सराव. कॅमेरा फक्त पायांवर.]

गोलरक्षकाकडे बघताना बहुतेकांची नजर हातांवर असते. इथे पाय बघा. समोरचा खेळाडू फटका मारायला पाय मागे घेतो, तेव्हा गोलरक्षक एक अगदी छोटी उडी घेतो, जेमतेम बोटभर उंचीची. बूट चेंडूला लागतो त्या क्षणी त्याचे दोन्ही पाय पुन्हा जमिनीवर असायला हवेत. पाय खांद्यांइतके फाकलेले, गुडघे वाकलेले, भार चवड्यांवर, हात शरीराच्या थोडे पुढे. यालाच ‘सेट होणं’ म्हणतात. ती उडी थोडी जरी उशिरा पडली तरी फटका बसताना गोलरक्षक हवेत असतो, आणि हवेतल्या माणसाला जमिनीला रेटा देता येत नाही. मग दिशा बरोबर ओळखूनही हात पोचत नाही.

हिशोब करून बघा. पेनल्टी बॉक्सची रेषा गोलपासून साडेसोळा मीटर लांब. तिथून ताशी ९० किलोमीटर वेगाने सुटलेला चेंडू गोलरेषेवर यायला सेकंदाचा साधारण दोन तृतीयांश भाग लागतो. गोल ७.३२ मीटर रुंद आणि २.४४ मीटर उंच. तेवढ्या वेळात चेंडू बघायचा, ठरवायचं, रेटा द्यायचा, झेपावायचं. सेट व्हायला उशीर झाला, तर या हिशोबात मुळी शिल्लकच राहत नाही.

स्लोनिना सुमारे १ मीटर ९३ सेंटिमीटर उंच आहे. उंच गोलरक्षकाचा कमकुवत भाग बहुधा खाली असतो, घोट्याजवळून जाणारा चेंडू. त्यासाठीचा हा सराव. इथे तो झेप घेत नाही. चेंडूच्या बाजूचा पाय स्वतःच्या शरीराखालून आडवा सरकवतो आणि त्या बाजूला कोसळतो, म्हणजे हात जमिनीपर्यंत लवकर येतो. झेप घेणारा आधी वर जातो, मग खाली येतो, आणि चेंडू तोवर जाळ्यात असतो. हायलाइट्समध्ये मात्र झेपच दाखवतात. खरं तर चांगला गोलरक्षक पुष्कळदा उभ्याउभ्या चेंडू छातीशी घेतो, आणि ते कोणी दुसऱ्यांदा बघत नाही.

[दृश्य : शिकागोच्या पश्चिमेकडची उपनगरं. रस्त्यावर पोलिश पाट्या.]

जन्म १५ मे २००४, इलिनॉयमधल्या ॲडिसनचा. आईवडील पोलंडहून आलेले. पोलंडबाहेर पोलिश वस्ती सर्वांत जास्त असलेल्या शहरांत शिकागोचं नाव पुढे येतं. अमेरिकेच्या भूमीवर जन्म झाला म्हणून अमेरिकन नागरिकत्व. आणि पोलंडचा कायदा रक्ताचं नातं बघतो : आई किंवा वडील पोलिश नागरिक असतील तर मूल कुठेही जन्मलं तरी जन्मतःच पोलिश. अर्ज, मुलाखत काही नाही. कोणतंही कर्तृत्व नसताना हातात आलेली ही दुसरी चावी पुढे कुठलं कुलूप उघडते आणि कुठलं नाही, ते बघण्यासारखं आहे.

मार्च २०१९मध्ये शिकागो फायरने त्याच्याशी व्यावसायिक करार केला, तेव्हा तो १४ वर्षांचा होता. अमेरिकेत याला ‘होमग्रोन’ करार म्हणतात. क्लबच्या स्वतःच्या अकादमीत घडलेला मुलगा ड्राफ्टमध्ये, म्हणजे क्लब पाळीपाळीने नवे खेळाडू निवडतात त्या प्रक्रियेत, न जाता थेट वरच्या संघात घेता येतो. पण १४ ते १७ या तीन वर्षांत सामने मिळत नाहीत. मिळतो तो सराव, मोठ्या माणसांच्या फटक्यांपुढे उभं राहण्याचा.

[दृश्य : क्रॉसचा सराव. दोन्ही बगलांकडून चेंडू.]

आणि क्रॉस, म्हणजे बगलेकडून गोलसमोर उंच टाकलेला चेंडू. तरुण गोलरक्षक सगळ्यांत जास्त इथे फसतात. नियम सांगायला सोपा : उशिरा निघा, पण वेगाने निघा. चेंडूची वाट नीट कळायच्या आधी पाऊल टाकलं की चेंडू डोक्यावरून मागे जातो. उडी एका पायावर, दुसरा गुडघा पुढे उचललेला, त्याने उंचीही मिळते आणि अंगावर येणाऱ्यापासून बचावही होतो. चेंडू सर्वांत उंच जागी, डोळ्यांपुढे, हात जवळजवळ सरळ असताना घ्यायचा. अंगठे जवळ, बोटं पसरलेली. गर्दी असेल तर पकडायचा मोह सोडायचा. आलेल्या दिशेलाच परत पाठवायचा असेल तर दोन्ही मुठी, पुढे पलीकडच्या बाजूला काढून द्यायचा असेल तर एक. आणि आरोळी. ती निघाली नाही तर स्वतःचाच बचावपटू धडकतो. सतरा वर्षांच्या मुलाने तिशीतल्या बचावपटूवर ओरडायचं, हे तंत्रापेक्षा अवघड आहे.

अडवलेला चेंडू कुठे जातो तेही बघा. मनगट बाहेर वळलेलं, चेंडू गोलपोस्टच्या बाहेर. तोच सरळ समोर पडला, तर सहा यार्डांच्या चौकोनात प्रतिस्पर्धी टपलेलाच असतो.

२०२१चा हंगाम संपेपर्यंत तो संघाचा पहिला गोलरक्षक झाला होता. २०२२मध्ये त्याने दहाहून अधिक क्लीन शीट राखल्या, तेही प्लेऑफला, म्हणजे हंगामाअखेरच्या बाद फेरीला, न पोचलेल्या संघाकडून.

[दृश्य : दोन जर्सी. पोलंडची पांढरी-लाल, अमेरिकेची पांढरी.]

आता ज्या प्रश्नासाठी तो पेपरांत गाजला, तो. डिसेंबर २०२१मध्ये अमेरिकेने त्याला वरिष्ठ संघाच्या शिबिरात बोलावलं. मे २०२२मध्ये पोलंडचे प्रशिक्षक चेस्वाव मिखनिएविच यांनी नेशन्स लीग या युरोपीय राष्ट्रीय संघांच्या स्पर्धेतल्या सामन्यांसाठी त्याची निवड केली. त्याने नम्रपणे नकार दिला आणि अमेरिका निवडली.

बातम्यांनी या निवडीला आयुष्यभराचा निर्णय ठरवलं. फिफाचा नियम एवढा कडक नाही. मैत्रीपूर्ण सामना खेळाडूला देशाशी बांधत नाही, बांधतो तो अधिकृत स्पर्धेतला सामना. तिथेही सवलत आहे. कुमार गटाची अधिकृत स्पर्धा एका देशाकडून खेळलेला खेळाडू, त्या वेळी दुसरं नागरिकत्व त्याच्याकडे असेल तर, एकदा देश बदलू शकतो. २०२०च्या दुरुस्तीनंतर वरिष्ठ खेळाडूलाही ते शक्य झालं. मात्र त्याचे अधिकृत वरिष्ठ सामने तीनपेक्षा जास्त नसावेत, ते वयाची २१ वर्षं पूर्ण व्हायच्या आधी झालेले असावेत, त्यानंतर तीन वर्षं उलटलेली असावीत, आणि विश्वचषकाच्या किंवा खंडाच्या मुख्य स्पर्धेत तो खेळलेला नसावा.

म्हणजे कागदावर वाट मोकळीच होती. अडचण कागदाची नाही, जागेची आहे. आघाडीपटू शेवटची वीस मिनिटं येऊन नाव कमावतो. मधल्या फळीतल्याला बगलेवर खेळवता येतं. गोलरक्षकाची जागा एकच, आणि ती सामन्याच्या मध्यात सहसा कोणी बदलत नाही. २०२२च्या विश्वचषकात पोलंडकडून वोइचेख श्चेन्स्नी प्रत्येक सामना खेळला, सौदी अरेबियाची आणि मेस्सीची पेनल्टी त्याने अडवली. अमेरिकेकडून चारही सामने मॅट टर्नर खेळला. स्लोनिनाने कुठलीही जर्सी निवडली असती, तरी तो हिवाळा त्याने बाहेरच काढला असता.

[दृश्य : स्टॅमफर्ड ब्रिज, बाहेरून.]

ऑगस्ट २०२२. लंडनच्या चेल्सी क्लबने त्याला विकत घेतलं. बातम्यांतली रक्कम सुमारे एक कोटी डॉलर, आणि कामगिरीनुसार आणखी. करार २०२८पर्यंत. वेळ बघा : मे महिन्यात तो १८ वर्षांचा झाला होता. ब्रेक्झिटनंतर इंग्लिश क्लबना परदेशातला १८ वर्षांखालचा खेळाडू घेता येत नाही.

दोन पासपोर्टांची गंमत इथे आहे. २०२० संपेपर्यंत पोलिश नागरिक म्हणजे युरोपीय संघाचा नागरिक, इंग्लंडमध्ये खेळायला कामाच्या परवान्याची गरजच नसती. आता पोलंड आणि अमेरिका, इंग्लंडच्या लेखी दोन्ही सारखेच परदेश. परवाना गुणांवर मिळतो : राष्ट्रीय संघाकडून किती खेळलात, कुठल्या दर्जाच्या लीगमध्ये, किती मिनिटं. १८ वर्षांच्या, एकही वरिष्ठ आंतरराष्ट्रीय सामना न खेळलेल्या गोलरक्षकासाठी हा तक्ता उलटाच पडतो. करारानंतर उरलेला हंगाम तो लोनवर, म्हणजे चेल्सीने तात्पुरता उसना दिलेला खेळाडू म्हणून, शिकागोतच खेळला आणि २०२३च्या सुरुवातीला लंडनला गेला.

[दृश्य : लॉस एंजेलिस. फ्री किकसाठी भिंत लावली जात आहे.]

२५ जानेवारी २०२३. अमेरिका विरुद्ध सर्बिया, मैत्रीपूर्ण सामना. १८ वर्षं २५५ दिवस, अमेरिकेच्या वरिष्ठ संघाकडून खेळलेला सर्वांत लहान गोलरक्षक.

भिंत कशी लावतात ते इथे थांबून बघू. गोलरक्षक आधी जवळच्या खांबाला टेकतो, तिथून चेंडूकडे एक सरळ रेषा धरतो आणि हाताने भिंत सरकवतो. या रेषेच्या बाहेर एक माणूस हवा, नाहीतर चेंडू बाहेरून वळून आत येतो. भिंत चेंडूपासून ९.१५ मीटरवर. भिंतीत तीन किंवा जास्त बचावपटू असतील तर २०१९पासून प्रतिस्पर्ध्याला तिच्यापासून निदान एक मीटर लांब राहावं लागतं. भिंत गोलची एक बाजू झाकते, दुसरी गोलरक्षकाची. पण त्याला चेंडू दिसायलाच हवा, म्हणून तो फार आडही उभा राहू शकत नाही. चूक दोन प्रकारांनी होते. चेंडू भिंतीवरून जाणार असा अंदाज बांधून तो आधीच एक पाऊल भिंतीमागे टाकतो आणि आपली बाजू मोकळी करतो. किंवा जागेवर थांबतो, आणि भिंतीवरून उतरणारा चेंडू त्याला उशिरा दिसतो.

ब्रँडन वास्केसने अमेरिकेला आघाडी दिली होती. मध्यंतराच्या आधी लुका इलिचने फ्री किकवरून बरोबरी साधली. मध्यंतरानंतर लगेच वेल्को सिमिचचा दुसरा गोल. अमेरिका १-२ अशी हरली.

त्याच वर्षी मे-जूनमध्ये अर्जेंटिनात २० वर्षांखालचा विश्वचषक झाला. अमेरिकेने पहिल्या चार सामन्यांत एकही गोल खाल्ला नाही. उपांत्यपूर्व फेरीत उरुग्वेने २-० असं हरवलं.

[दृश्य : ऑयपेन, बेल्जियम. छोटं स्टेडियम. पायाने खेळणारा गोलरक्षक.]

२०२३-२४, लोनवर बेल्जियमचा ऑयपेन क्लब. देशाच्या जर्मन बोलणाऱ्या भागातलं हे छोटं गाव. बेल्जियम युरोपीय संघात आहे, त्यामुळे लंडनला निरुपयोगी ठरणारं पोलिश नागरिकत्व इथे कामाचं. बाहेरच्या देशांतल्या खेळाडूंना बेल्जियममध्ये मोठा किमान पगार द्यावा लागतो, युरोपीय नागरिकाला ती अट नाही. छोट्या क्लबच्या हिशोबात हा फरक लहान नाही.

पडद्यावर जे दिसतंय ते इथलं रोजचं काम आहे. २०१९पासून गोलकिक बॉक्सच्या आतच आपल्या बचावपटूला देता येते. त्यामुळे प्रतिस्पर्धी पुढे चालून येतो आणि गोलरक्षकाला पास परत मिळतो. बॅकपास, म्हणजे आपल्याच खेळाडूने मुद्दाम पायाने मागे दिलेला चेंडू, हाताने घेता येत नाही, तो नियम १९९२पासूनचा. पास यायच्या आधी दोन्ही खांद्यांवरून बघायचं. शरीर अर्धं उघडं ठेवायचं, म्हणजे मैदानाच्या दोन्ही बाजू दिसतात. पहिला स्पर्श चेंडू पायाखाली मारण्यासाठी करायचा नाही, धावत येणाऱ्याच्या वाटेतून चेंडू बाहेर काढण्यासाठी करायचा. पास घेताना गोलच्या खांबांच्या बाहेर सरकून उभं राहायचं. तसं केलं तर स्पर्श चुकला तरी चेंडू कॉर्नरला जातो, गोलमध्ये जात नाही.

तळाच्या संघात तरुण गोलरक्षक पाठवण्यात एक फायदा असतो : फटके भरपूर येतात. तोटाही तोच. खाल्लेल्या गोलांचा आकडा त्याच्या नावापुढे लागतो, त्यातले किती अडवता येण्यासारखे होते ते कोणी शोधत बसत नाही. हंगामाअखेर ऑयपेन खालच्या विभागात गेलं.

[दृश्य : हातमोजे घालताना. बोटांवर पट्टी.]

२०२४-२५, इंग्लंडच्या तिसऱ्या स्तरावरचा बार्न्सली. तिथे सरावात बोटाचं हाड मोडलं.

मोज्यांबद्दल एक गैरसमज आहे. काही मोज्यांत बोटांच्या मागे कडक पट्ट्या असतात. त्या बोट मागे उलटं वाकू देत नाहीत. पण चेंडू सरळ बोटाच्या टोकावर आदळला तर तो धक्का हाडातून सांध्यापर्यंत जातो, पट्टी तिथे काही करत नाही. सरावात फटके जवळून आणि एकामागोमाग येतात. हात पूर्ण उघडायच्या आत पुढचा चेंडू येतो, आणि तो तळव्याऐवजी टोकावर बसतो.

जानेवारी २०२५मध्ये चेल्सीने त्याला परत बोलावलं.

[दृश्य : तीन गोलरक्षक एकत्र वॉर्मअप करताना.]

तेव्हा चेल्सीत पुढे दोघं होते, रॉबर्ट सांचेस आणि फिलिप योर्गेन्सन. सांचेस स्पेनमध्ये जन्मलेला, वडील इंग्लिश, खेळतो स्पेनकडून. योर्गेन्सन स्वीडनमध्ये जन्मलेला, वडील डॅनिश, स्वीडनच्या कुमार संघातून डेन्मार्ककडे गेलेला. दोन देशांचा गोलरक्षक म्हणून कुतूहल वाटावं, असं त्या रांगेत काही उरत नाही.

तिसऱ्या गोलरक्षकाचा आठवडा ठरलेला असतो. आघाडीपटूंच्या फटक्यांच्या सरावात गोलमध्ये उभं राहायचं, छोट्या मैदानावरच्या सामन्यांत खेळायचं, सामन्याच्या दिवशी पहिल्या गोलरक्षकाला चेंडू मारून द्यायचे. यात हात आणि पाय तयार राहतात. क्रॉसवर बाहेर पडायचं की नाही, हा निर्णय मात्र यात घडत नाही, कारण सरावात त्या निर्णयाची किंमत मोजावी लागत नाही. त्यासाठी लोन लागतं. आणि फिफाच्या नियमानुसार जुलै २०२४पासून एका क्लबला एका वेळी परदेशी क्लबकडे सहाच खेळाडू लोनवर पाठवता येतात, स्वतः घडवलेले तरुण यात मोजले जात नाहीत. परदेशात लोनवर जायचं तर शिकागोत घडलेल्या गोलरक्षकाला त्या सहांतच जागा मिळवावी लागते.