पंगत, संगत आणि ग्रंथ

(दृश्य: अमृतसर, पहाटेआधीचा अंधार. सरोवरात दिव्यांची प्रतिबिंबं.)

अकाल तख्त या शिखांच्या सर्वोच्च धर्मपीठातून पालखी निघते आणि पुलावरून हरिमंदिर साहिबात येते. आत मूर्ती नाही, पादुकाही नाहीत. रेशमी रुमाल्यात ठेवलेला गुरू ग्रंथ साहिब आहे. तो गादीवर विराजमान होतो, त्याच्यावर चौरी ढाळली जाते, आणि जमलेली संगत त्याच्यापुढे माथा टेकते. शिखांचा आजचा गुरू हाच.

याची सुरुवात होते पंजाबातल्या तलवंडी गावात, आजच्या पाकिस्तानातल्या ननकाना साहिबात. १४६९ साली तिथं नानकांचा जन्म झाला. तरुणपणी ते सुलतानपूर लोधीला नवाबाच्या कोठारात धान्य मोजून देत. जनमसाख्या, म्हणजे नानकांच्या जुन्या चरित्रकथा, सांगतात, की एके सकाळी ते नदीत अंघोळीला उतरले आणि तीन दिवसांनी बाहेर आले. तेव्हाचे त्यांचे पहिले शब्द होते : ना कोणी हिंदू, ना कोणी मुसलमान.

मग ते पायी निघाले. सोबत मर्दाना, मुसलमान घरातला रबाबवादक. नानक गायचे, मर्दाना साथ करायचा. हा धर्म गाण्यातून जन्मला, हे विसरून चालणार नाही. ग्रंथातली बहुतेक वाणी आजही रागांप्रमाणे लावलेली आहे, आणि गुरुद्वारात दिवसभर कीर्तन चालतं.

(दृश्य: रावीकाठची शेतं.)

अखेरची वर्षं नानकांनी करतारपूरला शेती करत काढली. संसार सोडून रानात जायला त्यांनी कुणाला सांगितलं नाही. देवाचं नाव घ्या, घाम गाळून कमवा, कमावलेलं वाटून खा. पंजाबीत नाम जपना, किरत करनी, वंड छकना. देव एकच, इक ओंकार; त्याला भय नाही, त्याचं कुणाशी वैर नाही, तो जन्माला येत नाही. म्हणूनच शीख अवतार मानत नाहीत, मूर्ती पुजत नाहीत. १५३९ मध्ये नानक गेले. गादी त्यांनी मुलांना न देता लहणा या शिष्याला दिली. तेच गुरू अंगद.

(दृश्य: लंगर, म्हणजे गुरुद्वारातलं सगळ्यांसाठीचं मोफत जेवण. तवे, परातीतली कणीक, जमिनीवर लांबच लांब पंगत.)

तिसरे गुरू अमरदास. त्यांच्या गोइंदवालला दंडक होता : आधी पंगत, मग संगत. गुरूंना भेटायचं तर आधी सगळ्यांच्या रांगेत जमिनीवर बसून जेवायचं. बादशहा अकबरही असाच जेवला, असं परंपरा सांगते. कोण कुणाच्या शेजारी जेवतो यावर माणसाची पायरी ठरत होती, त्या काळातली ही गोष्ट आहे. जातिभेदावर याहून थेट घाव मला माहीत नाही. आजही लंगरात डाळ, भाजी, रोटी मिळते. कुणालाही चालावं म्हणून जेवण शाकाहारी असतं. रोटी दोन्ही हात पसरून घ्यायची, आणि खरकटी भांडी घासायला डॉक्टरही बसतो, ट्रकचालकही बसतो. ती सेवा.

पाचवे गुरू अर्जन यांनी १६०४ मध्ये ग्रंथ सिद्ध केला. त्यात गुरूंच्या वाणीसोबत कबीर आहेत, रविदास आहेत, शेख फरीद आहेत. आणि आपले नामदेव आहेत, ६१ पदांसह. शिंपी म्हणून देवळातून उठवलं आणि देऊळच त्यांच्याकडे वळलं, ही औंढा नागनाथाच्या संदर्भात आपण ऐकलेली कथा त्या ग्रंथात नामदेवांच्याच पदात आहे. विठ्ठलाचं नावही आहे, ‘बीठल’ असं. कुठल्याही गुरुद्वारात ग्रंथापुढे वाकणारा माणूस नामदेवांच्या वाणीपुढेही वाकतो.

ग्रंथ झाल्यावर दोनच वर्षांनी, जहांगीरच्या काळात, गुरू अर्जन यांना लाहोरात हाल करून मारलं गेलं. १६७५ मध्ये नववे गुरू तेगबहादूर यांचा दिल्लीच्या चांदणी चौकात शिरच्छेद झाला.

(दृश्य: आनंदपूर साहिब.)

त्यांचे पुत्र गुरू गोविंदसिंग. १६९९ च्या बैसाखीला त्यांनी भर मेळाव्यात शीर मागितलं. पाच जण एकेक करून उठले : लाहोरचा खत्री, हस्तिनापूरचा जाट, जगन्नाथपुरीचा पाणक्या, द्वारकेचा छिपी (कापडावर छपाई करणारा), बिदरचा न्हावी. पंज प्यारे. गुरूंनी त्यांना एकाच कटोऱ्यातलं अमृत पाजलं आणि मग हात जोडून त्यांच्याकडूनच स्वतः अमृत घेतलं. असा खालसा, म्हणजे अमृत घेतलेल्या शिखांचा पंथ, उभा राहिला. केस, कंघा (कंगवा), कडा, कच्छेरा (आखूड चड्डी), किरपाण ही त्याची पाच चिन्हं.

(दृश्य: नांदेड, गोदावरी.)

१७०८ मध्ये गुरू गोविंदसिंग यांनी नांदेडला देह ठेवला. जाण्याआधी सांगितलं, की यापुढे ग्रंथच गुरू. वडिलांची वाणी त्यांनी त्यात घातली होती, स्वतःच्या रचना मात्र त्यात ठेवल्या नाहीत. महाराजा रणजितसिंगांनी तिथं सचखंड हजूर साहिब बांधवलं. शिखांच्या पाच तख्तांपैकी ते एक.

ग्रंथ हाच गुरू, हे रोजच्या जगण्यात दिसतं. लग्नात वधूवर त्याच्याभोवती चार फेरे घेतात. पाठ करायला बाई बसू शकते, पुरुषही. घरात मूल जन्मलं, की ग्रंथ सहज उघडतात. डाव्या पानावर जे पद येईल, त्याच्या पहिल्या अक्षरावरून नाव ठरतं. हरप्रीत, गुरमीत ही नावं मुलग्याचीही असतात आणि मुलीचीही. पुढे मुलग्याला सिंग लागतं, मुलीला कौर.