नंबर राहतो कुठे?

श्रोतेहो, नमस्कार.

माझ्या मिरजेच्या आत्याचा फोन गेल्या महिन्यात ओट्यावरून थेट फरशीवर आपटला. काच तडकली आणि पडद्याची उजवी पट्टी बोटाला दाद देईना. सात वर्षं वापरलेला फोन, दुरुस्तीत पैसे घालण्यात अर्थ नव्हता. नवा घेतला. दुकानातल्या मुलाने जुन्यातलं सिम काढून नव्यात घातलं, आत्याचं जीमेल सुरू करून दिलं आणि म्हणाला, "काकू, सगळं आलंय." आत्या घरी येऊन दूधवाल्याला फोन लावायला गेली, तर यादीत दूधवालाच नाही. गॅसवाला नाही. भिशीच्या बायका निम्म्या गायब. मला फोन आला, तोही माझा नंबर तिला पाठ आहे म्हणून. "अरे, माझी माणसं गेली कुठं?"

जुन्या फोनवर यादीच्या डोक्यावर आकडा होता 412. नव्यावर होता 187. म्हणजे सव्वादोनशे माणसं वाटेतच उतरली होती.

आता यात दुकानातल्या मुलाची चूक थोडी आहे, पण थोडीच. आपण सगळे म्हणतो, नंबर "फोनमध्ये" आहेत. प्रत्यक्षात ते तीन वेगवेगळ्या घरांत राहतात आणि फोन ती तिन्ही घरं एकाच यादीत, अकारविल्हे, अशी बेमालूम मिसळून दाखवतो की कोण कुठला हे कळायलाच मार्ग नाही. पहिलं घर सिमकार्ड. दुसरं घर फोनची स्वतःची मेमरी. तिसरं घर तुमचं खातं, म्हणजे अँड्रॉइडवर बहुधा गूगलचं आणि आयफोनवर आयक्लाउडचं. खात्यातली माणसं तुमच्याबरोबर नव्या फोनवर आपोआप येतात. सिममधली येतात, पण बऱ्याच फोनवर त्यांना मुद्दाम आत बोलवावं लागतं. आणि फोनच्या मेमरीतली जागची हलत नाहीत. आत्याची 187 खात्यात होती, 86 सिममध्ये आणि 139 फोनमध्ये.

सिममधली 86 सगळी काकांच्या वेळची, बटणांच्या फोनवर भरलेली. सिम म्हणजे फार छोटी खोली. साधारण अडीचशे नावं मावतात, आणि नावाला जागा किती? बऱ्याच सिमवर इंग्रजीतली चौदा अक्षरं. मराठीत लिहिलंत तर त्याहूनही कमी. फोटो नाही, पत्ता नाही, बहुतेक वेळा एका नावाला एकच नंबर. त्यामुळे काकांनी इंग्रजीत भरलेलं एक नाव "कुलकर्णी डॉ दा" इथेच तुटलेलं होतं. दा म्हणजे दातांचे, दादरचे की दाभोळकर वाड्यातले? आत्याने बराच विचार केला आणि म्हणाली, "ठेव तसंच. लागलं तर लावून विचारीन."

फोनमधली 139 मात्र आत्याची स्वतःची करणी. नवा नंबर पहिल्यांदा सेव्ह करताना फोन विचारतो, कुठे ठेवू? आपण घाईत असतो, समोर रिक्षावाला थांबलेला असतो, आपण पहिल्या ओळीवर बोट मारतो. ती ओळ "फोन" असली तर पुढे कित्येक वर्षं प्रत्येक नंबर तिकडेच जातो. फोन पुन्हा विचारत नाही.

तर श्रोतेहो, तुमचा फोन धडधाकट असताना, आज संध्याकाळी, एवढं बघा. कॉन्टॅक्टची यादी उघडा आणि तिच्या सेटिंगमध्ये जा. नेमकं कुठलं बटण हे मी रेडिओवरून दाखवू शकत नाही, आणि प्रत्येक कंपनीने ते वेगळ्या कोपऱ्यात दडवलेलं आहे. पण कुठेतरी "कोणते कॉन्टॅक्ट दाखवायचे" असा पर्याय असतो. तिथे फक्त सिम निवडा, मग फक्त फोन, मग फक्त गूगल खातं. तिन्ही आकडे कागदावर लिहा. सिममधले असतील तर "सिममधून आयात करा" म्हणून खात्यात ओढून घ्या. फोनमधले असतील तर गूगलच्या सेटिंगमध्ये फोनवरच्या कॉन्टॅक्टचा बॅकअप आणि सिंक अशी सोय असते, ती सुरू करा. आणि हे झाल्यावर नवे नंबर कुठे सेव्ह व्हायचे ती जागाही खातंच करून ठेवा, नाहीतर उद्यापासून पुन्हा तेच.

मग नव्या फोनवर त्याच खात्याने आत शिरलात की माणसं येतात. काही मिनिटं लागतात, वायफाय असेल तर बरं. ईमेलचा पासवर्ड मात्र दुकानातल्या कागदावर लिहून देऊ नका. स्वतः टाका, घाम फुटला तरी.

खातंच नको असं म्हणणारे असतात, माझे एक स्नेही आहेत. त्यांच्यासाठी फाइलीचा मार्ग आहे. यादी "एक्स्पोर्ट" केली की व्हीसीएफ नावाची एकच फाइल तयार होते. ती ब्लूटूथने किंवा केबलने नव्या फोनवर न्यायची आणि "इम्पोर्ट" म्हणायचं. ही पद्धत 1990 च्या दशकातली आहे आणि आयफोन असो की अँड्रॉइड, दोघांनाही कळते. मराठी नावांची एक गंमत सांगतो. ही फाइल साध्या पद्धतीने उघडून पाहिलीत तर "आई"च्या जागी बरोबरचं चिन्ह, ई शून्य, पुन्हा बरोबरचं चिन्ह, ए चार, अशी माळच माळ दिसू शकते. दचकू नका. आई आतच आहे, प्रवासापुरती सांकेतिक वेशात. नव्या फोनने फाइल नीट वाचली की पुन्हा "आई" दिसते. एकच करा, खात्यातूनही आणि फाइलीतूनही असं दोन्हीकडून आणू नका. प्रत्येक माणूस दोनदा येतो.

दोनदा आलाच तर फोन स्वतःहून विचारतो, सारखे दिसणारे एकत्र करू का? इथे "सगळे" वर बोट मारण्याचा मोह होतो. आत्याकडे सुनीता दोन आहेत, एक नणंद आणि एक भाजीवाली. त्या दोघींना एका नावाखाली आणलं असतं तर काय झालं असतं याची कल्पना आत्याला माझ्याआधी आली. एकेक बघूनच एकत्र करा.

अँड्रॉइडवरून आयफोनवर जाणाऱ्यांसाठी "मूव्ह टू आयओएस" नावाचं अ‍ॅप आहे. ते जुन्या फोनवर घ्यायचं आणि नवा आयफोन पहिल्यांदा सुरू करतानाच वापरायचं. एकदा आयफोन लावून झाला की ती वेळ गेली. पण निव्वळ नंबर हवे असतील तर आयफोनच्या सेटिंगमध्ये गूगल खातं जोडून कॉन्टॅक्ट चालू केले तरी भागतं.

आणि व्हॉट्सअ‍ॅप. "मी बॅकअप घेतलाय की!" असं मला निदान दहा जणांनी ऐकवलं असेल. अहो, तो गप्पांचा बॅकअप. गप्पा परत येतात. पण तुमची भिशी, तुमचा गट, त्यातली "शुभ सकाळ", हे सगळं येऊनही नावांच्या जागी दहा आकडी नंबर दिसतात, कारण नाव तुमच्या फोनच्या यादीतून घेतलं जातं. नंबर साठवताना पुढे अधिक एक्याण्णव लावायची सवय ठेवा. मुलीकडे दुबईला किंवा अमेरिकेला गेलात तरी तोच नंबर तिथून लागतो. शून्य लावलेला लागत नाही.

आत्याच्या फोनची अर्धी काच मेलेली होती, पण डावा भाग जिवंत होता म्हणून आम्ही वाचलो. फोन आडवा धरून, मग उलटा धरून, कसंबसं ते बटण डाव्या बाजूला आणलं आणि 139 माणसं खात्यात ढकलली. पडदा पूर्ण काळा झाला असता तर मी काही करू शकलो नसतो. सिममधली 86 नव्या फोनवर आयात केली. आकडा लागला 412. आत्याने तो तीनदा वाचला.

जुना फोन भाच्याला द्यायची तिला घाई होती. मी म्हटलं, पंधरा दिवस थांब, एखादं नाव राहिलं असेल तर सापडेल. देताना आधी त्यातून गूगल खातं काढायचं, मग रिसेट मारायचा. खातं न काढता रिसेट मारला तर तो फोन पुढच्या माणसाकडे जुन्या मालकाचा पासवर्ड मागत बसू शकतो.

पंधरा दिवस होऊन गेले. फोन अजून कपाटात आहे, चार्जरला लावलेला. त्यात पहाटे पाचचा गजर आहे आणि तो रोज वाजतो. नव्या फोनवर लावून देतो म्हटलं तर आत्या नको म्हणाली. नवा उशाशी असतो, बोट लावलं की गप्प होतो. हा बंद करायला उठून कपाटापर्यंत जावं लागतं.