फ्रेडी यंग : तापलेली हवा टिपणारा छायालेखक

श्रोतेहो, नमस्कार. ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ ज्यांनी पाहिला असेल, त्यांना विहिरीचा प्रसंग चटकन आठवेल. वाळवंटातल्या विहिरीवर दोघं थांबले आहेत. दूर क्षितिजावर एक काळा ठिपका दिसतो. तो जमिनीवर आहे की पाण्यात तरंगतोय, कळत नाही. बघता बघता त्याचा उंटस्वार होतो. तो ओमर शरीफ. आणि हे दृश्य टिपणारे छायालेखक होते फ्रेडी यंग. आज त्यांच्याबद्दल बोलायचंय.

यंग लंडनचे, जन्म १९०२चा. १९१७ साली, अगदी पोरवयात, ते शेफर्ड्स बुशच्या गोमाँ स्टुडिओत कामाला लागले. कॅमेरा मिळाला तो पुढे. सुरुवात झाली फिल्म धुण्याच्या प्रयोगशाळेत. मला वाटतं, त्यांच्या पुढच्या सगळ्या करामतींचं मूळ इथेच आहे. फिल्म म्हणजे चांदीच्या क्षारांचा थर. तो किती उजेडात किती काळवंडतो, हे त्यांच्या अंगवळणी पडलं ते पुस्तकं वाचून नव्हे.

मूकपट गेले, बोलपट आले, रंग आले, रुंद पडदा आला. यंग प्रत्येक वळणावर कॅमेऱ्यामागे होतेच. १९४९मध्ये ब्रिटिश छायालेखकांची संस्था स्थापन झाली, तेव्हा पहिले अध्यक्ष तेच झाले. आणि यंग साठीला टेकले असताना ‘लॉरेन्स’चे दिग्दर्शक डेव्हिड लीननी त्यांना जॉर्डनच्या वाळवंटात नेलं.

तापलेल्या जमिनीवर हवा थरथरते, त्यामुळे दूरचं चित्र फुटतं. कॅमेरामन एरवी ते टाळायलाच बघतो. लीनना नेमकं तेच मृगजळ हवं होतं. यंगनी पॅनाव्हिजन कंपनीकडून ४८२ मिलिमीटरचं लांब पल्ल्याचं भिंग आणलं होतं. असं भिंग दूरची वस्तू जवळ ओढतं, आणि तिच्याबरोबर मधल्या सगळ्या हवेची थरथरही चित्रात आणतं. ६५ मिलिमीटरच्या मोठ्या निगेटिव्हवर ती थरथर इतकी स्पष्ट उमटली, की पडद्यावर चक्क पाणी दिसतं. तिथे रंगवलेला पडदा नाही की प्रयोगशाळेतली जादू नाही. आहे ती फक्त हवा, आणि ती कुठून कशी पाहायची याची समज.

पण मला त्याहून धाडसी वाटते ती त्यांची पुढची युक्ती. १९६०च्या दशकातल्या रंगीत फिल्मवर रंग फार भडक यायचे. दिग्दर्शक सिडने ल्युमेट यांना ‘द डेडली अफेअर’ या हेरकथेसाठी उदास, मळकट लंडन हवं होतं. यंगनी काय करावं? चित्रीकरणाआधीच कोऱ्या निगेटिव्हला मोजूनमापून अगदी मंद उजेड दाखवला! फिल्मला चुकून उजेड लागणं म्हणजे कॅमेरामनच्या पोटात गोळा. पण मोजका उजेड आधीच लागला, तर गडद सावल्या किंचित उजळतात, उजळ-गडद भागांतला फरक कमी होतो आणि रंग दबतात. कथापटासाठी ही रीत वापरण्याचा मान सहसा यंगनाच दिला जातो. नंतर अनेकांनी ती उचलली. प्रयोगशाळेत वाढलेल्या माणसालाच हे सुचावं.

‘रायन्स डॉटर’च्या वेळी आयर्लंडच्या किनाऱ्यावर खरं वादळ टिपायचं होतं. भिंगावर पाणी उडायचं आणि चित्र पुसलं जायचं. जहाजाच्या खिडकीला गरगर फिरणारी काचेची तबकडी असते, तिच्यावर पडलेलं पाणी वेगामुळे बाहेर फेकलं जातं. तशीच तबकडी यंगनी कॅमेऱ्यापुढे बसवली आणि वादळ टिपलं.

लीनबरोबरच्या ‘लॉरेन्स’, ‘डॉक्टर झिवागो’ आणि ‘रायन्स डॉटर’ या तिन्ही चित्रपटांसाठी त्यांना ऑस्कर मिळालं. आणि ऐंशी ओलांडल्यावर त्यांनी पहिल्यांदाच दिग्दर्शन केलं. विषय काय निवडला, सांगू? आपल्या खेळपट्टीला प्राणापलीकडे जपणारा, क्रिकेटच्या मैदानाचा एक म्हातारा राखणदार.