मुहूर्त बारा बत्तीसचा

श्रोतेहो, नमस्कार.

एस.टी.च्या स्टँडवर मी ३२ वर्षं वाहतूक नियंत्रक होतो. कुठली गाडी कुठल्या फलाटाला लागणार, कुठला कंडक्टर आलेला नाही, कुठल्या गाडीचा टायर बसलाय, हे सगळं डोक्यात ठेवायची सवय. त्यामुळे पोटच्या पोरीच्या लग्नात माझ्याच हातून घोळ होईल, असं स्वप्नातही वाटलं नव्हतं. गुरुजींनी पूजेला मंगळसूत्र मागितलं. मंगळसूत्र सुटकेसमध्ये, सुटकेसची किल्ली माझ्या पँटच्या खिशात, आणि मी तर पहाटेच सोवळं नेसलेलो. मग पँट कुठाय? ती एका कामसू भाच्यानं बाकीच्या कपड्यांबरोबर रिक्षात घालून घरी पाठवून दिलेली. शेवटी मांडववाल्याचा स्क्रू ड्रायव्हर आणून कुलूप उचकटलं. ती सुटकेस अजून माळ्यावर आहे. कुलपाच्या जागी भोक आहे.

सांगायचं ते एवढंच, की लग्नाची सूत्रं मुलीच्या बापाकडे देऊ नका. तो पाटावर बसलेला असतो, आणि पाटावरून उठता येत नाही. आई त्याच्या शेजारी. मामानं मुलीला बोहल्यावर आणायचं. भाऊ लाह्या घालणार, कान पिळणार, वर त्यावर रुसणार. करवलीच्या हातात दिवा. आत्याला मानपान. एकेकाला असं वगळत गेलात, की अगदी मोकळा, कुठल्याच विधीत न लागणारा, फोटोतही कुणी न बोलावणारा एकच माणूस उरतो : मावशीचा नवरा. त्याच्या हातात किल्ल्या द्या.

हे मी आपलं गंमत म्हणून नाही सांगत. दोन वर्षांपूर्वी मेहुणीच्या मुलीचं लग्न कराडला झालं, तेव्हा तो मावशीचा नवरा मीच होतो. इव्हेंटवाल्यानं सांगितलेला आकडा ऐकून साडू मटकन खुर्चीत बसले आणि माझ्याकडे बघून म्हणाले, "आता तुम्हीच बघा हो."

मुहूर्त १२ वाजून ३२ मिनिटांचा. आम्ही स्टँडवर गाडी सुटायच्या वेळेपासून मागं मागं हिशेब करतो, तसाच केला. १२.३२ ला अंतरपाट धरायचा, तर मुलगी निदान पावणेबाराला गौरीहराशी बसलेली हवी. ब्यूटिशियन म्हणाली, तासाभरात तयार करते. मी विचारलं, "ताई, गेल्या लग्नात नवरीला खुर्चीत कधी बसवलं आणि कधी उठवलं?" जरा आठवून म्हणाली, पावणेदोन तास. म्हणजे दहाला खुर्ची. म्हणजे हळदीचं न्हाणं त्याच्या आत उरकलेलं. वऱ्हाड चिपळूणचं, कुंभार्ली घाट चढून येणार. प्रासंगिक करारावर एस.टी. घेतलेली. व्याही फोनवर म्हणाले, पाचला निघतो. मी म्हटलं, निघतो म्हणजे गाडी सुटते, की मंडळी चहा प्यायला लागतात? ते मोकळेपणानं हसले आणि वेळ साडेचार केली.

पूर्वी मुहूर्ताला घड्याळ नव्हतं, घटिकापात्र होतं. पाण्यानं भरलेल्या घंगाळात तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी सोडायची. ती भरून बुडली की एक घटका झाली, म्हणजे आपली २४ मिनिटं. तिच्यावर डोळा ठेवायला एक माणूस बसवलेला असे आणि त्याला दुसरं काम सांगत नसत. आता घड्याळ प्रत्येकाच्या मनगटावर आहे, खिशातल्या फोनवर आहे, आणि बघणारा कुणीच नाही.

आता सामानाचं. गुरुजींची यादी महिनाभर आधी मागून घ्या, पण यादी विधीप्रमाणे तोडून मागा. नाहीतर सुपाऱ्या ५१, हळकुंडं अमुक, असं एकत्र येतं, एकाच पोत्यात जातं, आणि मग ऐन वेळी चार बायका पोत्यात डोकं घालून उभ्या. मी सहा कापडी पिशव्या केल्या, त्यांवर स्केचपेननं मोठ्या अक्षरात लिहिलं : सीमांतपूजन, पुण्याहवाचन, गौरीहर, अंतरपाट, होम, सूनमुख. अंतरपाटाच्या पिशवीत अंतरपाट, दोन हार ओल्या फडक्यात गुंडाळून, जास्तीच्या मुंडावळ्या, अक्षतांचा डबा, आणि कात्री. कात्री कुणाच्याच यादीत नसते. हाराची गाठ सोडवताना नवऱ्या मुलाला दातांनी दोरा तोडताना मी पाहिलंय. मंगळसूत्र मात्र पिशवीत नाही, सुटकेसमध्ये तर नाहीच नाही. ते बायकोच्या पर्समध्ये होतं आणि पर्स तिच्या खांद्यावर होती. जेवतानासुद्धा.

जेवणाचं गणित मात्र कागदावर करा. अक्षता पडल्या की सगळा मांडव एकदम उठतो. आमच्याकडे पाहुणे साडेतीनशे. कार्यालयात एका वेळी १०० पानं बसतात, आणि उठबस, पुसापुशी धरून एका पंगतीला ४० मिनिटं लागतात. म्हणजे चार पंगती. पहिली पावणेएकला धरली, तरी शेवटची उठायला साडेतीन. या हिशेबानं दोन गोष्टी ठरतात. म्हाताऱ्या माणसांना आणि लहान पोरंवाल्यांना पहिल्या पंगतीला कोण बसवणार, त्याचं नाव आदल्या रात्रीच पक्कं करा. 'आपण सगळे बघू' म्हटलं की कुणीच बघत नाही. आणि आई-बाप होमापाशी तीनपर्यंत उपाशी असतात, त्यांना मधे कुणीतरी सरबत नेऊन द्यायचं. फोटोवाला, ड्रायव्हर, वाजंत्री यांना दुसऱ्या पंगतीत बसवा. शेवटच्या पंगतीत जिलबी उरतेच असं नाही. पानं मोजायला आपला माणूस उभा करा. केटररवर अविश्वास म्हणून नव्हे; मोजलेलं असलं की संध्याकाळी आवाज चढत नाहीत, म्हणून.

पैशाची पाकिटं आदल्या दिवशी भरून, वर नाव घालून ठेवायची : गुरुजी, ब्यूटिशियन, वाजंत्री, झाडलोट करणाऱ्या मावश्या, वॉचमन. दहा-दहाच्या नोटांचं बंडल आणि एक-एक रुपयाची नाणी वेगळी. कमरेला पाऊच बांधला की शोभत नाही असं घरचे म्हणतात. म्हणू द्यात. 'आहेर आणू नये' असं पत्रिकेत छापलं तरी पाकिटं येतातच, तेव्हा वही आणि ती लिहायला एखादी सुवाच्य अक्षराची भाची बसवून ठेवा.

जनरेटरमध्ये डिझेल आहे का, हे कार्यालयवाल्याला न विचारता स्वतः झाकण उघडून बघा. आणि वरात निघणार असेल तर रात्री दहाला स्पीकर बंद, तो कायदाच आहे.

एक गोष्ट बहुतेक जण विसरतात. सप्तपदीचं सातवं पाऊल पडलं की लग्न कायद्यानं पूर्ण झालं, असं १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात लिहिलंय, पण नोंदणी वेगळी करावी लागते. तिच्या अर्जावर तीन साक्षीदारांच्या सह्या लागतात आणि लग्न लावणाऱ्या गुरुजींचीही. साक्षीदार घरचे असतात, केव्हाही सापडतात. गुरुजी दुसऱ्या दिवशी दुसऱ्या गावात दुसऱ्या मुहूर्ताला असतात. मी कोरा अर्ज आणि पेन होमाच्या पिशवीतच ठेवलं होतं. दक्षिणेचं पाकीट उजव्या हातानं दिलं आणि डाव्या हातानं अर्ज पुढं सरकवला. गुरुजी म्हणाले, "तुम्ही आधी काय करत होतात?"

मुहूर्त मात्र चार मिनिटं हुकला. नवरा मुलगा तयार, मुलगी तयार, पिशव्या जागेवर, आणि अक्षता वाटणारी पोरंच रुखवतापाशी सेल्फी काढत उभी. साडेतीनशे माणसं रिकाम्या मुठीनं बसलेली. ते माझ्या कागदावर नव्हतं. आता आहे.

पाचला वऱ्हाडाची गाडी सुटली. कराराच्या गाडीची वेळ उलटली की हिशेब वाढतो, हे मला सांगायला नको. मग कार्यालयाच्या माणसानं भांडी मोजली. एक पितळी तांब्या कमी. आम्ही सतरंज्या झटकल्या, स्वयंपाकघर पालथं घातलं. नाहीच. डिपॉझिटमधून अडीचशे रुपये कापले, मी मुकाट्यानं सही केली. मांडवपरतणीला पोरगी माहेरी आली, तेव्हा जावईबापूंच्या हातात पिशवी, पिशवीत तांब्या. घाटात आजीला पाणी द्यायला म्हणून कुणीतरी गाडीत घेतलेला. पैसे आपण भरलेत, म्हणून साडूंनी तो ठेवून घेतला. हल्ली तुळशीला पाणी त्यानंच घालतात.

नमस्कार.